दोघी आत, एक बाहेर

आधी रेखा वाकून आत शिरली, तिच्यामागे योगिता. लपणाचा गोणपाटी पडदा दोघींच्या पाठीमागे पडला तेव्हा आंब्यावरच्या धनेशाच्या नराने मान वाकडी करून एकदा खाली पाहिले. चोचीतले वडाचे फळ तसेच धरून तो फांदीवर बसून राहिला.

"आता हलू नकोस," योगिता पुटपुटली. "त्याला आपला विसर पडू दे."

लपण म्हणजे बांबूच्या चार काठ्या, त्यांच्याभोवती हिरवी जाळी आणि वरून गोणपाट. आत एक प्लॅस्टिकचे स्टूल, ट्रायपॉडवरचा कॅमेरा आणि दोन माणसांचे गुडघे मावतील एवढी जागा. समोर मळमड्डी भागातल्या गुंडू मास्तरांच्या परसातला जुना आंबा. त्याला फळ धरत नव्हते, पण वठलेल्या फांदीच्या बुंध्याशी ढोली होती, आणि एप्रिलच्या सुरुवातीपासून त्या ढोलीत राखी धनेशाची मादी बंद होती. ढोलीचे तोंड तिने स्वतःच आतून लिंपून घेतले होते. उरली होती एक उभी फट, तिच्यातून चोचीचे टोक तेवढे दिसे. पंखांची आणि शेपटीची पिसे तिने आत झाडून टाकली होती. नवी पिसे फुटेपर्यंत भिंत कुणी फोडून दिली असती तरी तिला उडता आले नसते.

कालपासून ती आतून भिंतीवर चोच मारत होती. टक्, टक्, मग बराच वेळ काही नाही.

लपणाचा नियम योगिताने पहिल्याच दिवशी मास्तरांना सांगितला होता. दोघांनी आत जायचे, थोड्या वेळाने एकाने बाहेर पडायचे. पक्ष्याला वाटते, माणसे गेली. मग तो निर्धास्त होतो.

"म्हणजे पक्ष्याला मोजता येत नाही म्हणता?" मास्तरांनी चष्मा कपाळावर सारला होता.

"दोन आले, एक गेला, की त्याच्या लेखी सगळे गेले."

"म्हणजे वजाबाकी येत नाही म्हणा की." पस्तीस वर्षे शाळेत गणित शिकवलेल्या मास्तरांना हे फारच आवडले. "माझ्या वर्गात निम्मे धनेशच होते बघा, मॅडम."

मग त्यांनी हट्टाने प्रयोग करून पाहिला. तिघांनी दाटीवाटीने आत जायचे, दोघांनी बाहेर यायचे. नर तेव्हाही फसला. मास्तर दिवसभर खुशीत होते. पण दुसरा नियम त्यांना जड गेला. लपणात माणूस असेपर्यंत परसात मोठ्याने बोलायचे नाही, हाक मारायची नाही. त्या घरात दर घटकेला मुलीला हाक होती. रेखा, चष्मा कुठे. रेखा, कोण आलं बघ. रेखा, कुठं आहेस. बायको गेल्यापासून मास्तर या हाकांवरच चालत. रेखाने लपणात बसायला शिकून घेतले ते कॅमेऱ्यासाठी की या शांततेसाठी, हे योगिताने कधी विचारले नाही. गेल्या महिन्यापासून दोघी आळीपाळीने बसत. योगिताला हुबळीला जावे लागले की रेखा बसे, आणि मास्तर अकरा वाजता आणि चार वाजता पडद्याखालून मुकाट्याने चहाचा पेला आत सरकवत. रेखा बसली असेल तर दोन चमचे साखर. योगिता असेल तर बिनसाखरेचा. ती बाहेर आली की त्यावर टोमणा ठरलेला.

"बिनसाखरेचा चहा म्हणजे आजाऱ्याचा काढा. टीव्हीवाले एवढे कडू का राहतात ते आत्ता कळलं."

नराने फळ ढोलीच्या फटीत दिले. योगिताने अंगातले खाकी जॅकेट काढून बांबूला अडकवले, तोंडाभोवतीचा स्टोल सोडून त्यावर टाकला आणि डोळा कॅमेऱ्याला लावला.

"आज शेवटचा दिवस ना?" तिने तसेच विचारले.

"हो. पाचपर्यंत रुजू व्हायचं. नाहीतर यादीतला पुढचा माणूस."

रेखा तेहेतीस वर्षांची होती. वनस्पतिशास्त्रात एम.एस्सी. हावेरीच्या एका सरकारी कॉलेजात प्रयोगशाळा सहायकाची जागा तिला मिळाली होती. दोनदा तिने बॅग भरून कॉटवर ठेवली आणि दोन्ही वेळा मास्तरांच्या छातीत कळ आली. दोन्ही वेळा ईसीजी चांगला निघाला. मास्तर ढोंग करत नव्हते. कळ खरोखरच येई, आणि बॅग कपाटावर चढली की जाई.

"काय म्हणाले?"

"काय म्हणणार? जा की, म्हणाले. मी कुठं अडवलंय? आणि लगेच छातीवर हात." रेखा किंचित हसली. "काल आमच्या धाकट्या साकेतशी फोनवर बोलत होते. पुण्याहून तो म्हणाला, अप्पा, तिला जाऊ द्या. तर म्हणतात, अरे, दार उघडंच आहे. ही धनेशाची बाई बघ, हिला तरी कुणी कोंडलंय? आपणच भिंत घालून बसलीय, पतिव्रता."

"तू काय म्हणालीस?"

"मी म्हटलं, अप्पा, ती तीन महिन्यांनी बाहेर येते."

योगिता हसली नाही. कुणी अडवलंय, हे वाक्य तिच्या ओळखीचे होते. एकवीस वर्षे ती टीव्हीत होती. हुबळीच्या केबलवर बातम्या वाचण्यापासून सुरुवात, मग बंगळूर, मग पुन्हा हुबळी. पहाटेची भजने, सुनांच्या पाककला स्पर्धा, ज्याची यशोगाथा त्यानेच प्रायोजित केलेले कार्यक्रम. सगळे दुसऱ्याने ठरवलेले, तिने नीट पार पाडलेले. नीट पार पाडते म्हणूनच पुन्हा तसलेच हाती येत गेले. शहरातल्या पक्ष्यांवरचा हा अर्ध्या तासाचा माहितीपट ही तिने स्वतः लिहिलेली पहिली गोष्ट होती. आणि आता चॅनलला तिच्याकडून लग्नांवरची मालिका हवी होती, दोनशे भागांची. चॅनलचा इथला माणूस अभिषेक गोड बोलायचा.

"नको असेल तर सोडा की, मॅडम. कोण अडवतंय तुम्हाला? फक्त पक्ष्यांचं बजेट त्याच मालिकेच्या खात्यातून येणार, एवढं लक्षात असू द्या."

त्यासाठी बंगळूरहून साहेब येणार होते. आज दोन वाजता, हुबळीला लॅमिंग्टन रोडच्या स्टुडिओत. योगिता बारापर्यंत इथे बसणार होती, मग रेखाला बसवून निघणार होती.

ढोलीतून टक् टक् सुरू झाली. लिंपणाचा एक कपचा सुटून खाली पडला.

"अक्का," रेखा तिच्या कानाशी म्हणाली, "बाहेर पडणाऱ्यानं लपायचं नाही ना?"

"नाही. त्याला दिसेल असं जायचं. घाई नाही, मागं बघायचं नाही."

"निघते मग."

"हं."

खांद्यावर क्षणभर हात पडला. जरा जास्तच वेळ राहिला, असे योगिताला नंतर वाटले. तेव्हा ती फटीतून बाहेर आलेल्या चोचीकडे पाहत होती. पडदा उचलला गेला, उजेडाची पट्टी आत आली आणि गेली.

चोच थांबली. बॅटरी उतरत आली होती, म्हणून योगिताने मागे न पाहता बॅगेकडे हात नेला. हाताला जमीन लागली. तिने वळून पाहिले. बॅग नव्हती. बॅगेतल्या बॅटऱ्या, कार्डे, भिंग पुसायचे फडके, सगळे एका टॉवेलवर ओळीने मांडून ठेवले होते. शेजारी रेखाची हिरवी ओढणी घडी करून ठेवलेली. तिच्या घरच्या चपला. योगिताचे बूट, जे ती आत आल्यावर काढून ठेवी, ते नव्हते. बांबूवरचे जॅकेट, त्याच्या खिशातली स्कूटरची चावी आणि स्टोलही नव्हता.

लपणाच्या बाजूच्या जाळीतून घराकडेचा बोळ दिसे आणि बोळाच्या टोकाला अर्धे फाटक. योगिताने दुर्बीण उचलली.

खाकी जॅकेट, डोळ्यांपर्यंत गुंडाळलेला स्टोल, पाठीवर कॅमेऱ्याची बॅग. बॅग फुगलेली होती, कपड्यांनी फुगते तशी. कपडे तिने आधीच लपणात आणून ठेवले असणार. ती फाटकाजवळ योगिताच्या स्कूटरपाशी उभी होती. मास्तर त्यांच्या रोजच्या खुर्चीत, हातात पेपर. हेल्मेट स्कूटरच्या आरशाला अडकवलेले होते, मास्तरांच्या खुर्चीपासून हातभर अंतरावर. रेखाचा हात पुढे झाला आणि तिथेच राहिला.

मास्तरांनी पेपर खाली ठेवला. ते उठले, आरशावरचे हेल्मेट काढले आणि तिच्या हातात दिले. मग फाटकाची दुसरी झडपही उघडून धरली.

स्कूटर दुसऱ्या खेपेला सुरू झाली. ती वळणापलीकडे जाईपर्यंत मास्तर झडप धरून उभे होते. मग त्यांनी ती लावली आणि खुर्चीत येऊन बसले.

फसले, असे योगिताच्या मनात आले.

मग तिच्या लक्षात आले की आपल्याला आता बाहेर पडता येणार नाही.

साडेनऊला फोनचा पडदा उजळला. आवाज तिने सकाळीच बंद केला होता.

'अक्का, माफ करा. विचारलं असतं तर तुम्ही नको म्हणाला असता, आणि मी ऐकलं असतं. स्कूटर बसस्टँडच्या पार्किंगात आहे, चावी तिथल्या माणसाकडे. पाचपर्यंत अप्पांना कळू देऊ नका. कळलं तर ते फोन करतील. रागावणार नाहीत. नुसतं कळ आलीय म्हणतील. आणि मी परत येईन. मला माहीत आहे, मी येईन.'

योगिताने लिहिले, 'दोन वाजता माझी मीटिंग आहे.' ते तिने तीन-चार वेळा वाचले आणि पुसून टाकले.

परसाची मागची भिंत पुरुषभर उंच होती, वर बाटल्यांच्या काचा रोवलेल्या. दुसरी वाट बोळातून, मास्तरांच्या खुर्चीवरून. त्यांच्या लेखी लपणात रेखा होती. तिथून योगिता बाहेर आली की प्रश्न एकच, आणि त्याला उत्तरही एकच. हावेरीची बस अजून शहराबाहेरही पडली नसेल.

अकराला पावले वाजली. योगिताने पाय आखडून घेतले. रेखाच्या चपला पडद्याजवळ सरकवून ठेवल्या, पडद्याखालून दिसतील अशा. जाळीतून तिने पाहिले. मास्तर मागच्या दारात उभे होते, हातात वाफाळता पेला. लपणाकडे पाहत ते पायरीवर थांबले. एक पायरी उतरले. मग मागे फिरून घरात गेले. पेला घेऊनच.

ऊन आंब्याच्या डोक्यावर आले. गोणपाटाखाली हवा हलत नव्हती. बाटलीतले पाणी तिने ओठांपुरते घेतले, कारण जास्त पिण्याची चैन परवडणारी नव्हती. डाव्या पायाला मुंग्या आल्या, मग पाय आहे की नाही तेही कळेनासे झाले. समोर त्या फटीतून चोच बाहेर येई, लिंपण टोचे, थकून आत जाई. इतके दिवस योगिताने ती फट बाहेरून पाहिली होती. किती प्रकाश आत जातो, नर तासाला किती खेपा करतो, सगळे तिला पाठ होते. आतून बाहेरचे काय दिसत असेल, हे तिने कधी मनातही आणले नव्हते. आता जाळीच्या चौकटीतून तिला जे दिसत होते ते एवढेच. अर्धे फाटक, खुर्चीची पाठ, मास्तरांचे पांढरे डोके.

एकला तिने अभिषेकला कळवले, 'आज येणं जमत नाही. पक्षी बाहेर येतोय.'

'उद्या नाही का येणार तो?'

थोड्या वेळाने, 'मॅडम, सर हॉटेलवरून निघाले.'

मग, 'सर विचारतायत, पक्षी महत्त्वाचा की चॅनल?'

योगिताने उत्तर लिहायला अंगठा टेकवला. फाटकापाशी मास्तर उठले होते. रस्त्यापर्यंत गेले, डोळ्यांवर हात धरून चौकाकडे पाहिले, परत येऊन बसले. तिने फोन पालथा घातला.

तो तिने पुन्हा उचलला तेव्हा अडीच वाजून गेले होते. 'मालिका दीपश्री मॅडमना दिली. तुमच्या पक्ष्यांचं काय ते सर नंतर बघतील.' त्याखाली अभिषेकने हात जोडल्याचे चित्र टाकले होते.

आता वाईट वाटेल म्हणून तिने वाट पाहिली. वाटले नाही. पायात मात्र जबरदस्त गोळा आला आणि ओरडू नये म्हणून तिने रेखाच्या ओढणीचा बोळा दातांत धरला. ओढणीला शिकेकाईचा वास होता.

तीनच्या सुमारास लिंपणाचा मोठा कपचा निखळला. फट दोन बोटे रुंद झाली. पहिल्यांदाच चोचीमागचा डोळा दिसला, तांबूस, पापणीच्या केसांसकट. योगिता रेकॉर्ड करत राहिली. मादीने डोके तिरके करून फटीत घातले, ते अडकले, तिने ते कसेबसे मागे घेतले. मग ती आत बसून राहिली. आज येणार नव्हती.

चारला पावले पुन्हा वाजली. या वेळी ती पायरीवर थांबली नाहीत. वाळलेल्या पानांवरून हळूहळू आली आणि पडद्याबाहेर, अगदी हाताच्या अंतरावर थांबली. योगिताने तोंडावर हात धरला.

मास्तर बोलले ते लपणाच्या नियमाप्रमाणे, खालच्या आवाजात.

"साकेतचा फोन आलेला. रेखाअक्काला दे म्हणाला. मी म्हटलं, लपणात आहे बा ती. हाक मारायची नाही असा नियम आहे."

आंब्यावर नर आला. ढोलीच्या कडेवर पंजे रोवून त्याने गळ्यातून एकेक फळ वर आणले आणि रुंद झालेल्या फटीत देत राहिला. मास्तर त्याचे संपेपर्यंत पाहत राहिले.

"उद्याही बसेल म्हटलं साकेतला." ते खाकरले. "सकाळपासून कळेची वाट बघतोय. पण छातीत काही नाही आज."

गोणपाट बोटभर उचलले गेले. सुरकुतलेल्या हाताने पेला आत सरकवला. तो रेखाच्या चपलांना लागला, तेव्हा हाताने चपला हळूच बाजूला केल्या, पेला नीट जमिनीवर टेकवला आणि मागे गेला.

योगिताने तो दोन्ही हातांनी उचलला. दिवसभरात पोटात काही नव्हते. तिने घोट घेतला.

चहात साखर नव्हती.

पडद्याखालून मास्तरांची पावले दिसत होती. ती बोळाकडे वळली नव्हती. थोडे पलीकडे, कपडे धुण्याच्या दगडावर मास्तर बसले होते, झाडाकडे तोंड करून. ढोलीतून पुन्हा टक् टक् सुरू झाली आणि दोघेही ऐकत राहिले.

योगिताने पेला आवाज न करता खाली ठेवला. आता तिला पडदा उचलून बाहेर येता आले असते, पाय मोकळे करता आले असते. तिने ओढणीची घडी पुन्हा नीट केली आणि डोळा कॅमेऱ्याला लावला. पाच वाजायला अजून अवकाश होता.